रविवारी घेतलेला आवाज

११ जानेवारी

मुंगी,

मायना काय लिहावा ते सुचलं नाही, म्हणून नुसती हाक मारली आहे. पत्ता मावशीकडून घेतला. ती आधी देत नव्हती. मुंगीला न विचारता कसा देऊ, म्हणाली. मी फक्त पत्र लिहीन, दारात येऊन उभी राहणार नाही, ये म्हणून गळ घालणार नाही, असं कबूल केलं तेव्हा दिला. तिच्यावर रागावू नकोस.

बाबा गेल्याचं तिने तुला त्याच दिवशी कळवलं होतं, तेही सांगितलं. तू आली नाहीस त्याबद्दल मी काही लिहिणार नाही. पण ते कसे गेले ते तुला कुणी सांगितलं नसेल. सकाळचा चहा घेऊन टेबलाशी लिहायला बसले होते. गेली काही वर्षं त्यांच्याकडे कुणी काही मागत नव्हतं, तरी सकाळ झाली की बसायचे. ऑफिसला निघाल्यासारखा इस्त्रीचा शर्ट घालून बसायचे. मी भाजी निवडत होते. खुर्ची सरकल्याचा आवाज आला आणि मग काहीच नाही. माझ्याच जुन्या रुग्णालयात नेलं. एक्स-रेच्या खोलीत माझ्या जागी आता एक तरुण मुलगी आहे. मी शिकवली होती तिला. त्यांना "श्वास रोखा" म्हणताना तिने माझ्याकडे बघितलं नाही. दोन दिवस काढले त्यांनी. बोलता येत नव्हतं. तुझं नाव घेतलं का, असं मावशी सारखी विचारते. नाही घेतलं. घेता आलं असतं तर घेतलं असतं का, ते मला सांगता येणार नाही.

शोकसभा मोठी झाली. मला वाटलं होतं त्याहून जास्त लोक आले. नवी बोलली. मालिकेत तुझ्या जागी आली तेव्हापासून तिला सगळे नवीच म्हणतात, तिचे केस पांढरे व्हायला लागले तरी. "मी त्यांची मुलगी," असं म्हणून तिने सुरुवात केली आणि छान बोलली, रडली पण आवरून. नंतर लोक माझे हात हातात घेऊन म्हणत होते, तुमची मुलगी किती सुंदर बोलली. मी 'हो' म्हणत होते. प्रत्येकाला काय समजावत बसणार.

आता पत्राचं कारण. वाहिनीच्या एक बाई घरी आल्या होत्या. बाबांची आठवण म्हणून त्यांना 'घड्याळजी' पुन्हा दाखवायची आहे, पहिल्या भागापासून, रोज. बाबांच्या कंपनीचे सगळे हक्क आता माझ्याकडे आले आहेत, म्हणून माझी सही लागते. मी त्यांना म्हटलं, थोडे दिवस द्या.

खरं सांगायचं तर ती मालिका पुन्हा दाखवली जावी असं मला वाटतं. बाबांनी विमा कंपनीतली नोकरी सोडली तेव्हा माझ्या वडिलांनी माझ्याशी बोलणं टाकलं होतं. आधी दुसऱ्यांच्या नावावर भाग लिहिले. मग ते शटरचं गॅरेज घेतलं आणि त्यात कंपनी काढली. दोन सिनेमे केले. पहिला बरा चालला. दुसरा उतरल्यावर ते कितीतरी दिवस त्या थिएटरच्या रस्त्याने जायचेच नाहीत, मोठा वळसा घालून बँकेत जायचे. हे सगळं कुणाला आठवणार आहे? आठवेल ती एक 'घड्याळजी'. एक विधुर माणूस, त्याचं घड्याळदुरुस्तीचं दुकान आणि त्याची लहान मुलगी. एवढीच गोष्ट, पण लोक त्या वेळेला रस्त्यावर दिसत नसत. आमची भांडणंसुद्धा त्यात आहेत. मी भांडत असताना हा माणूस पेन शोधायचा. "थांब, ते पुन्हा म्हण," म्हणायचा. आता कुणाशी भांडू?

पण ती लहान मुलगी आधी तू होतीस. तुला विचारल्याशिवाय मी सही करणार नाही. तू हो म्हण किंवा नाही म्हण, पण एक ओळ पाठव.

आई


२ फेब्रुवारी

मुंगी,

तुझं उत्तर आलं नाही. पत्र मिळालं एवढं मावशीकडून कळलं.

मी तुझी वाट बघत नुसती बसले नाही. मला वाटलं, वाहिनीवाल्यांना सांगावं की दाखवायची तर तुझे भाग दाखवा. पहिलं वर्ष सगळं तुझं आहे. मग मालिका बंद पडली, दुसऱ्या वाहिनीवर गेली आणि तुझ्या जागी नवी आली. तुला जसं ते कळलं तसं कुणाला कळू नये. शाळेतून रजा काढलेली, वेण्या घातलेल्या, आणि मेकअपच्या खोलीत तुझा तो निळा फ्रॉक घालून दुसरी मुलगी बसलेली. बाबा म्हणाले, "आज तू नुसती बघ हं, मुंगी." घरी त्यांनी काही सांगितलं नव्हतं, मलाही नाही. रोज शंभर माणसांना काय करायचं ते सांगणारा माणूस. त्यांनी दहा वेळा लिहून बघितलं असेल तुला कसं सांगायचं ते, आणि वाक्य जमलं नसेल. मी त्यांची बाजू घेत नाही. ते तसे होते, एवढंच.

तर मी कात्रीकाकांकडे गेले. तूच ते नाव ठेवलंस, आता सगळेच त्यांना तसं म्हणतात. त्यांची संकलनाची खोली तीच आहे, मशिनं बदलली. खुर्चीवर तीच उशी. बाबांच्या फोटोला हार घालून तो त्यांनी पडद्याशेजारी ठेवलाय. मला म्हणाले, साहेब इथेच असायचे, मी कापायला लागलो की हात धरायचे माझा.

मी म्हटलं, मला माझ्या मुलीचे भाग बघायचे आहेत. त्यांनी मला खुर्ची दिली. मग म्हणाले, "वहिनी, ते नाहीत."

तेव्हा टेप महाग होत्या आणि काम झालं की पुसून पुन्हा वापरायच्या, सगळेच तसं करायचे. त्यात दुसऱ्या वाहिनीने मागितलं की गोष्ट पहिल्यापासून हवी आणि एकाच मुलीची हवी. म्हणून बाबांनी पहिलं वर्ष नवीला घेऊन पुन्हा चित्रित केलं, आणि ते चित्रण तुझ्याच टेपांवर झालं. काकांनी हे इतक्या हळू सांगितलं की मला दोनदा विचारावं लागलं.

हे मला माहीत नव्हतं. त्या वर्षी माझी दुपारची पाळी असायची, मालिका लागायची तेव्हा मी रुग्णालयात. सुट्टीच्या दिवशी तू घरात असायचीस म्हणून आपण टीव्ही लावत नसू. अंधाऱ्या खोलीत मी लोकांच्या फिल्म धुवून जपून ठेवल्या, परक्यांच्या बरगड्यासुद्धा, आणि आपल्या घरातलं हे असं.

काकांना म्हटलं, कुठेतरी काहीतरी राहिलं असेल. बघतो म्हणाले, पुढच्या आठवड्यात या.

आई


१० फेब्रुवारी

मुंगी,

आज मला तुला एक चांगली गोष्ट सांगायची आहे. घाईने लिहितेय म्हणून अक्षर असं आलंय.

काकांकडे पुन्हा गेले. त्यांनी चहा मागवला आणि 'घड्याळजी'चा एक भाग लावला, नवीचाच. घड्याळजी दुकानात काम करतोय, मुलगी दारात उभी आहे, तो तिला घरी जायला सांगतो. मला ते बघवेना. मी कपात बघत बसले. आणि आवाज आला, "बाबा, मी काही हात लावणार नाही. नुसती बसते इथे."

तो तुझा आवाज होता, मुंगी. वाक्याच्या शेवटी दम संपल्यासारखं व्हायचं ना तुझं, तसंच. मी वर बघितलं तर तोंड नवीचं हलत होतं आणि बोलत तू होतीस. मी कप घेऊन उठूनच उभी राहिले. काकांनी तो हातातून काढून घेतला.

"वहिनी, ओळखलात ना?" म्हणाले. मग सगळं सांगितलं. नवी दिसायची छान पण बोलायला लागली की पोपटासारखी. बाबांना ते चालेना. बरंच डोकं आपटलं म्हणे. शेवटी घरून टेप आणली आणि म्हणाले, हा आवाज लाव तिच्या तोंडी. ज्या प्रसंगांनी मालिका गाजली, त्या सगळ्यांत तू आहेस. काका म्हणाले, लोक त्या पोरीसाठी रडले ते आपल्या मुंगीच्या आवाजाला रडले.

आठवतंय तुला? दर रविवारी ते तुला मधल्या खोलीत घेऊन बसायचे. दाराला गादी उभी करायची, बाहेरचा आवाज येऊ नये म्हणून. टेपरेकॉर्डर स्टुलावर, आणि तुझ्या हातात वाक्यांचा कागद. मला वाटायचं, पोरीला वाईट वाटलंय म्हणून समजूत काढतात. मी दारातूनच चहा द्यायची आणि तुम्ही दोघं मला हाकलायचात. ते उगीच नव्हतं बघ. त्यांना तू हवी होतीस. चेहरा त्यांना वाहिनीच्या हट्टापुढे टिकवता आला नाही, पण आवाज त्यांनी सोडला नाही. तू त्या मालिकेत पहिल्यापासून आहेस आणि कुणालाच ते माहीत नाही.

मी वाहिनीच्या बाईंना सांगणार आहे, की सुरुवातीला नावं येतात त्या पाटीवर तुझं नाव घाला. मग सही करते. तुझी हरकत नसेल असं धरून चालू का? आणि सुरू होईल त्या दिवशी तू इथे असलीस तर. एवढंच लिहिते.

आई


३ मार्च

मुंगी,

तुझं पत्र मिळालं. इतक्या वर्षांनी तुझं अक्षर बघितलं आणि आधी त्याच्याकडेच बघत राहिले, वाचलं नंतर.

तू लिहिलंयस ते मला पाठ झालंय, तो आवाज कुणाला ऐकवायचा नाही हेही. तू लिहितेस की तो फ्रॉक, ती मेकअपची खोली, सगळं तू कधीच मागे टाकलंस, त्यासाठी तू घर सोडलं नव्हतंस आणि त्यासाठी यायची थांबलीही नव्हतीस. घरात तो विषय कधीच कुणी काढला नाही, बाबा तुझ्याशी शूटिंगच्या वेळापत्रकासारखं बोलायचे, त्याला कंटाळलीस. पण बाबांच्या बाजूला मांडायला तुझ्याकडे एक गोष्ट होती. ज्या वर्षी तुझा त्यांना काही उपयोग उरला नव्हता, त्या वर्षी ते दर रविवारी दार लावून तुझ्याबरोबर बसले होते. काही कारण नसताना. लिमलेटच्या गोळ्यांची पुडी खिशात घेऊन. तू एक वाक्य म्हणायचीस, ते म्हणायचे, "छान, आता हळू म्हण." त्यांना कुणी वाईट म्हटलं की तू मनात हे काढून बघायचीस. बाबा गेल्याचं कळलं तेव्हाही तू हेच काढून बघितलंस, आणि तुझ्या मनात यायचं होतं. तेव्हा निघाली नाहीस, पण मागच्या महिन्यात मावशीला तू गाडीची वेळ विचारली होतीस. हे मला तिने सांगितलं नव्हतं.

आणि मग माझं ते आवाजाचं पत्र आलं.

"आई, ते रविवार तेवढे होते माझ्याकडे. तेही कामाचे निघाले."

हे एक वाक्य मी किती वेळा वाचलं ते सांगत नाही. मी तुला आनंदाची बातमी म्हणून लिहिलं होतं. खरंच तसं वाटलं होतं मला. सभेत कुणी तुझं नाव घेतलं नाही, टेपांवर तू उरली नाहीस, आणि अचानक तू सापडलीस, मी वेडी झाले. तुझ्याकडे काय होतं ते मला माहीत नव्हतं. तू कधी सांगितलं नाहीस, आणि आपल्या घरात विचारायची पद्धत नव्हती.

मी पुन्हा काकांकडे गेले. मला एकच गोष्ट विचारायची होती. आवाज लावायचं काम केव्हा संपलं? मनात म्हणत होते, काम आधी संपलेलं असू दे आणि रविवार पुढे चालू राहिलेले असू देत. एवढं जरी निघालं तरी तुला लिहिता येईल, की बघ, ते रविवार तुझेच होते. काकांनी खूप आठवून बघितलं. तुझ्या वार्षिक परीक्षेच्या आधी संपलं, म्हणाले, कारण साहेबांनी पेढ्यांऐवजी सगळ्यांना आईस्क्रीम दिलं होतं, उकडायला लागलं होतं म्हणून.

आणि आपले रविवारही परीक्षेच्या आधी थांबले. मला आठवतं. त्यानंतरही दोन-तीन आठवडे तू एकटीच गादी दाराला लावून आत बसायचीस. मी विचारलं तर म्हणालीस, बाबा येतील. मग एका रविवारी तू स्वतःच गादी पलंगावर टाकलीस.

मी खोटं लिहू शकले असते. काकाही म्हणाले, वहिनी, लिहा की उन्हाळाभर चाललं, आता कोण विचारायला जातंय. पण तू आयुष्यभर जे धरून ठेवलंस ते एकदा फसवं निघालंय. त्याच्या जागी मी दुसरं फसवं ठेवणार नाही.

माझ्याकडे खरं असं एवढंच आहे. मी बाहेर भाजी चिरत असायची आणि गादीतूनही तुमचं हसणं ऐकू यायचं. तुझं आणि त्यांचं. घरात ते एरवी तसे हसत नसत, माझ्याबरोबरही नाही. टेप घ्यायला ते बसत होते हे खरं आहे. हसत होते हेही खरं आहे. ते कशासाठी, हे मी त्यांना विचारायला हवं होतं आणि आता विचारता येत नाही. तू यातलं काय घ्यायचं ते घे. काही नाही घेतलंस तरी मी समजेन.

आई


१९ मार्च

मुंगी,

वाहिनीच्या बाई आज येऊन गेल्या. मी त्यांना मोकळेपणी सांगितलं की मालिकेतला आवाज माझ्या मुलीचा आहे, तो तिला न सांगता घेतला होता, आणि तिला ते नको आहे. बाईंनी नीट ऐकून घेतलं. वाईट नाहीत त्या. म्हणाल्या, त्यात अडचण काहीच नाही, हल्ली सगळं सोपं झालंय. एखादी लहान मुलगी बोलावू, तिच्याकडून तेवढी वाक्यं नव्याने बोलून घेऊ, तुमच्या मुलीचा आवाज पूर्ण काढून टाकू. कुणाला कळणारसुद्धा नाही.

त्यांनी कागद पुढे केला, पेन उघडून दिलं. मी पेन घेतलंही. बाबांचा फोटो समोर होता. तुला माहीत आहे मला ते किती आवडायचे. इतकं सगळं कळल्यावरही सकाळी मी दोन कप काढते आणि एक परत ठेवते. माझ्या मनात येऊन गेलं, की यात कुणाचंच नुकसान नाही. त्यांचं काम लोक बघतील आणि तुझा त्याच्याशी संबंध राहणार नाही. तुला हवं तेच आहे.

मग मला कळलं की मी काय करायला निघाले आहे. तुझा चेहरा एकदा काढला, तो तुझ्या बाबांनी. आता उरलेला आवाज काढायचा, आणि तो माझ्या सहीने.

मी पेनाचं टोपण लावलं. नको म्हटलं. बाई म्हणाल्या, "काकू, विचार करा. लोक साहेबांना विसरतील." मी म्हटलं, विसरतील.

त्या गेल्यावर मी खूप रडले, ते तुझ्यासाठी नव्हतं. त्यांच्यासाठी होतं. पस्तीस माणसं बसतील एवढ्या गॅरेजमधून त्यांनी ते उभं केलं होतं आणि मी ते कपाटात टाकून कुलूप लावलं. ते असते तर माझ्याशी बोलले नसते. किंवा पेन शोधलं असतं.

नवीचा फोन आला होता. तिच्या कानावर गेलं. ती भांडेल असं वाटलं होतं. ती एवढंच म्हणाली, "माझं नाव झालं ते त्या आवाजावर, काकू. मी पहिल्या दिवशी ऐकलं तेव्हाच मला कळलं होतं की हे मला येणार नाही." तिने तुला काही निरोप दिला नाही. काय देणार.

हे मी तुला परत आणायला केलेलं नाही. तसं वाटेल म्हणून मुद्दाम लिहिते आहे. तू ये असं मी म्हणणार नाही, मावशीला कबूल केलंय. मालिकेचं आता काही विचारायचं उरलं नाही, तेव्हा तुला उत्तर पाठवायलाही काही कारण उरलेलं नाही.

फक्त एक. तुझा आवाज मी इतक्या वर्षांत ऐकला तो त्या खोलीत, दुसऱ्या मुलीच्या तोंडून, तू नऊ वर्षांची असतानाचा. आता तू कशी बोलतेस ते मला माहीत नाही. फोनचा नंबर तोच आहे. काही कारण नसताना कर.

आई